जुनं फुटेज आणि जुना आवाज सिनेमा-टीव्हीत कसा वापरतात? एका गावाच्या उदाहरणासह सोपी माहिती

बातम्या बघताना स्क्रीनच्या कोपऱ्यात 'संग्रहित दृश्य' किंवा 'फाईल फुटेज' असं लिहिलेलं तुम्ही पाहिलं असेल. डॉक्युमेंट्रीत मध्येच एखादं काळं-पांढरं, थरथरणारं चित्र येतं आणि मागे खरखरणारा आवाज ऐकू येतो. हे शूटिंग त्या फिल्मसाठी केलेलं नसतं. कुणीतरी, कधीतरी, दुसऱ्याच कामासाठी ते करून ठेवलेलं असतं. नंतर ते शोधून, परवानगी घेऊन, साफ करून नव्या कामात जोडतात. यालाच आर्काइव्हल फुटेज आणि आर्काइव्हल साउंड म्हणतात. या लेखात मी सोपं म्हणून 'जुनं फुटेज' आणि 'जुना आवाज' असंच म्हणणार आहे.

मी पुण्यात डॉक्युमेंट्रीच्या एडिटिंगचं काम करते. माझं गाव घाटघर, तालुका जुन्नर. नाणेघाटाच्या माथ्यावर, जीवधन किल्ल्याच्या पायथ्याशी. सध्या गावावर साधारण वीस मिनिटांची एक फिल्म करतेय. तिच्यासाठी जुनं साहित्य शोधताना जे प्रश्न येतात, तेच मोठ्या सिनेमावाल्यांनाही येतात, फक्त त्यांचं बजेट मोठं असतं. म्हणून गावाचंच उदाहरण घेऊन सांगते.

एक गोष्ट आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं सगळं तिच्यावरच उभं आहे. क्लिप खरी असणं पुरेसं नाही. ती कुठली, कधीची, कुणाची आणि कुणाच्या परवानगीने घेतलेली, हे माहीत असेल तरच ती पुरावा ठरते. नाहीतर ती नुसती सजावट होते, आणि कधी कधी चक्क खोटं.

जुनं साहित्य वापरतात कशासाठी?

मुख्य उपयोग तीन.

पहिला, घडलेली गोष्ट दाखवण्यासाठी. दादासाहेब फाळके सेटवर काम कसं करायचे, हे आज आपण बघू शकतो, कारण साधारण १९१७ मध्ये त्यांनी सिनेमा कसा तयार होतो हे दाखवणारी एक छोटी फिल्म स्वतःच काढली होती. त्यात ते स्वतः दिसतात. मुंबईच्या विठ्ठलभाई झवेरींनी १९६८ मध्ये 'महात्मा' ही पाच तासांहून मोठी फिल्म पूर्ण केली. ती गांधीजींच्या जुन्या फुटेजवर, फोटोंवर आणि आवाजावरच उभी आहे. इतरांनी टिपून ठेवलेलं जमवणं, लावून घेणं आणि त्यातून एक आयुष्य सलग सांगणं, हेच तिथे दिग्दर्शकाचं काम होतं.

दुसरा, जुन्या दृश्याला नवा अर्थ येतो म्हणून. याचं आपल्याकडचं सगळ्यात चांगलं उदाहरण म्हणजे आनंद पटवर्धन यांची 'जय भीम कॉम्रेड'. १९८५ च्या 'हमारा शहर' या त्यांच्या फिल्ममध्ये शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ ला मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, दहा जणांचा जीव गेला. त्यानंतर काही दिवसांतच घोगरेंनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी पुढे चौदा वर्षं शूटिंग केलं आणि २०११ मध्ये नवी फिल्म पूर्ण केली. तिच्यात घोगरेंचं ते जुनं फुटेज पुन्हा येतं. तेव्हा ते एका गायकाचं गाणं होतं. आता बघताना पुढे काय झालं हे आपल्याला माहीत असतं, आणि तेच दृश्य बघवत नाही. एक फ्रेमही बदललेली नाही, बदललाय तो आपला संदर्भ.

तिसरा, कथेच्या सिनेमात 'जुनं असल्याचा भास' देण्यासाठी. चैतन्य ताम्हाणे यांचा 'द डिसायपल' पाहिलाय का? त्यात नायक रात्री मोटरसायकलवरून जाताना कानात माई नावाच्या गायिकेच्या जुन्या भाषणांचं रेकॉर्डिंग ऐकत असतो. माई हे काल्पनिक पात्र आहे आणि तिचा आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा आहे. म्हणजे ते 'जुनं' रेकॉर्डिंग सिनेमासाठीच केलेलं आहे. यात फसवणूक नाही, कारण सिनेमा काल्पनिक आहे हे बघणाऱ्याला माहीत असतं. हीच गोष्ट डॉक्युमेंट्रीत न सांगता केली असती, तर मात्र ती फसवणूक झाली असती.

हे सगळं मिळतं कुठे?

पहिलं ठिकाण पुण्यातच आहे. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये सुरू झालं. पी. के. नायर यांनी तिथे आयुष्यभर फिल्म गोळा केल्या. त्यांच्यावरची 'सेल्युलॉइड मॅन' ही २०१२ ची डॉक्युमेंट्री जरूर बघा. संग्रहालय सुरू झालं तोवर उशीर झाला होता. भारतात हजाराहून जास्त मूकपट बनले, त्यातले अगदी मोजकेच उरलेत. फाळक्यांचा १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र'सुद्धा पूर्ण मिळत नाही. त्या काळची नायट्रेट फिल्म पेट्रोलसारखी पेटते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात अशाच नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि उरलंसुरलं बरंच त्यात गेलं.

दुसरं ठिकाण मुंबईतलं फिल्म्स डिव्हिजन. १९४८ पासून थिएटरमध्ये सिनेमाच्या आधी जी सरकारी समाचारचित्रं आणि माहितीपट लागायचे, ते इथे तयार झाले. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि चित्रपट संग्रहालय या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. याशिवाय आकाशवाणी आणि दूरदर्शनकडे त्यांचे स्वतःचे साठे आहेत.

तुम्हाला वाटेल, टीव्हीवर लागलेलं सगळं कुठेतरी जपलेलं असणारच. तसं नाही. व्हिडिओ टेप महाग असायची, म्हणून जगभरच्या टीव्ही केंद्रांनी जुन्या कार्यक्रमांवर नवे कार्यक्रम रेकॉर्ड केले. नासाचंही असंच झालं. १९६९ मध्ये माणूस चंद्रावर उतरला, त्याचा मूळ सिग्नल ज्या टेपांवर साठवला होता त्या बहुधा पुसून पुन्हा वापरल्या गेल्या, असं नासाने २००९ मध्ये जाहीर केलं. आज आपण बघतो ते टीव्ही प्रक्षेपणाच्या प्रतींवरून आलेलं चित्र आहे.

तिसरं ठिकाण आवाजाचं, आणि ते आपल्या पुणे जिल्ह्यातून उगवलेलं आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइतवां यांनी गावोगावी फिरून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. महाराष्ट्रातल्या हजारांहून जास्त गावांतल्या एक लाखाहून जास्त ओव्या त्यात आहेत. १९९० च्या दशकात बर्नार्ड बेल यांनी त्यातल्या काही हजार ओव्या डिजिटल टेपवर रेकॉर्ड केल्या. ते रेकॉर्डिंग साधारण १२० तासांचं आहे. २०१७ पासून 'पारी' म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया या वेबसाइटवर त्या ओव्या आवाज, फोटो आणि व्हिडिओसह येतायत. 'पारी'ची टीम पुन्हा त्या गावांत गेली, गाणाऱ्या बायांना किंवा त्यांच्या घरच्यांना भेटली. ओव्यांच्या लेखाखाली एक चौकट असते: गाणारीचं नाव, गाव, तालुका, जिल्हा, वय, जात, काम, रेकॉर्डिंगची तारीख. ही चौकट लक्षात ठेवा. पुढे लागणार आहे.

आणि चौथं ठिकाण म्हणजे आपलं घर. ट्रंकेत पडलेल्या लग्नाच्या कॅसेट, मामाच्या जुन्या फोनमधलं मेमरी कार्ड, कुणीतरी टेपरेकॉर्डरवर भरून ठेवलेलं भजन.

शोधताना पहिला घोळ नावाचा

कुठल्याही साठ्यात 'घाटघर' असं टाकून शोधलं की बहुतेक वेळा आमचं गाव येतच नाही. येतं ते अकोले तालुक्यातलं घाटघर. तिथे २५० मेगावॉटचा जलविद्युत प्रकल्प आहे, त्यामुळे बातम्या आणि व्हिडिओ त्याचेच जास्त. दोन्ही गावं सह्याद्रीच्या कड्यावर, दोन्हीकडे धुकं, भातखाचरं आणि खाली कोकण. दहा सेकंदांची क्लिप बघून कुठलं घाटघर ते बाहेरच्या माणसाला कळणार नाही. घाईत असलेला एडिटर सहज एकाचं दुसरं लावून मोकळा होईल.

नाणेघाटाच्या उलट्या धबधब्याचंही तेच. जोराच्या वाऱ्याने पाणी खाली पडायच्या ऐवजी वर उडतं, तो व्हिडिओ पावसाळा आला की फॉरवर्ड व्हायला लागतो. मूळ कुणी काढला, कुठल्या वर्षी, काही लिहिलेलं नसतं. चार फॉरवर्डनंतर ठिकाणाचं नावही बदललेलं असतं.

धबधब्याच्या बाबतीत यात फारसं काही बिघडत नाही. पण शेजारच्या आंबेगाव तालुक्यातलं माळीण आठवा. ३० जुलै २०१४ ला डोंगर कोसळला आणि दीडशेच्या वर माणसं गेली. पुढे २०२१ मध्ये रायगडमधलं तळिये, २०२३ मध्ये इर्शाळवाडी. चिखल, मोडलेली घरं, जेसीबी, रडणारी माणसं: पट्टी काढून टाकली तर कुठलं दृश्य कुठल्या गावचं हे सांगता येत नाही. एका गावची बातमी सांगताना दुसऱ्या गावचं फुटेज दाखवलं, तर ज्याचं घर त्या चिखलाखाली गेलंय त्याला ते लगेच ओळखू येतं. बाकीच्यांना ते नुसतं 'दरडीचं दृश्य' असतं. म्हणून 'संग्रहित' एवढंच लिहिणं अपुरं आहे. 'माळीण, जुलै २०१४' असं लिहायला पाहिजे.

नाव लिहून ठेवण्याची किंमत कळायला आमच्या गावाहून चांगली जागा नाही. नाणेघाटातल्या लेण्यात दोन हजार वर्षांपूर्वी सातवाहन राजघराण्यातल्या माणसांच्या मूर्ती कोरलेल्या होत्या. मूर्ती आता नाहीत, पण प्रत्येकीच्या वर ब्राह्मी लिपीत कोरलेली नावं अजून वाचता येतात: सिमुक, राणी नागनिका, सातकर्णी. मूर्ती गेल्या तरी तिथे कोण होतं हे आपल्याला कळतं. आपल्या फोनमध्ये नेमकं उलटं झालंय. चित्रं हजारो आहेत आणि नाव एकालाही नाही.

जुन्या चित्रावर एडिटर काय काय करतो?

*वेग.* मूकपटांच्या काळात कॅमेरा हाताने फिरवत. सेकंदाला साधारण १६ ते १८ फ्रेम पडत, कधी त्याहून कमी. आजचा सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने चालतो. जुनी फिल्म तशीच २४ ने चालवली की माणसं तुरुतुरु पळताना दिसतात. ती माणसं तशी चालत नव्हती, आपण चुकीच्या वेगाने बघतोय. पीटर जॅक्सन यांच्या 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' या २०१८ च्या फिल्ममध्ये पहिल्या महायुद्धाचं फुटेज कॉम्प्युटरने मधल्या फ्रेम तयार करून नैसर्गिक वेगात आणलं आणि रंगवलं. सैनिक एकदम जिवंत वाटतात. काही इतिहासकारांना मात्र हे पटत नाही, कारण ते रंग मूळ फिल्ममध्ये नव्हते. दोन्ही बाजूंना अर्थ आहे. काय केलंय ते सांगितलं की प्रेक्षक आपलं आपण ठरवू शकतो.

*आकार.* जुना टीव्ही जवळजवळ चौकोनी होता, ४:३. आजचा टीव्ही १६:९ आणि रील उभं, ९:१६. जुनं चित्र ताणून बसवलं की माणसं जाडी दिसतात. कापून बसवलं तर डोक्यावरचा फेटा किंवा पायातली वहाण जाते, आणि कधी कधी तीच तर माहिती असते. सगळ्यात बरं म्हणजे दोन्ही बाजूला काळी जागा सोडायची आणि चित्र आहे तसं ठेवायचं.

*आडव्या रेघा.* जुन्या व्हिडिओत हलणाऱ्या माणसाच्या कडेला कंगव्यासारख्या रेघा दिसतात. तो खराबा नाही. जुना टीव्ही एक फ्रेम दोन अर्ध्या भागांत दाखवायचा, याला इंटरलेसिंग म्हणतात. एडिटिंग सॉफ्टवेअरमध्ये 'डीइंटरलेस' असा पर्याय असतो, तो वापरला की रेघा जातात.

*आवाज.* टेपची सूं सूं, विजेची ५० हर्ट्झची घरघर आणि रेकॉर्डची कटकट, या तीन गोष्टी कमी करता येतात. पण फार साफ केलं की आवाज पाण्याखालून आल्यासारखा होतो आणि मागचं कोंबडं, बैलाच्या गळ्यातली घंटा हेही पुसलं जातं. मी थोडी खरखर मुद्दाम ठेवते. मूळ फाईल तर कधीच बदलायची नाही. जी साफसफाई करायची ती प्रतीवर.

आणखी एक गोष्ट बऱ्याच जणांना माहीत नसते. जुन्या फिल्मवर पुष्कळदा आवाज नसायचाच. कॅमेरा वेगळा, आवाजाचं यंत्र वेगळं आणि महाग. त्यामुळे समाचारचित्रांतले टाळ्यांचे, घोड्यांच्या टापांचे, गर्दीचे आवाज बरेचदा नंतर स्टुडिओत जोडलेले असतात. चित्र खरं असतं, पण आवाज त्या दिवसाचा नसतो.

चित्र घाटघरचं, आवाज कुणाचा?

इथे माझ्या फिल्मचा सगळ्यात अवघड प्रश्न आला.

आमच्या घरात काकाच्या लग्नाची १९९९ ची व्हीएचएस कॅसेट आहे. तीत वीसेक सेकंद माझी आजी दिसते. लग्नाआधी जात्यावर हळद दळतात, त्यावेळचं शूटिंग. आजी आणि शेजारची एक बाई जात्याचा खुंटा धरून बसल्यात, ओठ हलतायत. म्हणजे ओवी चाललेली आहे. पण कॅसेटवर ऐकू येतं ते त्या वर्षीचं एक हिट हिंदी गाणं. त्या काळी लग्नाचे व्हिडिओ करणारे मूळ आवाज काढून टाकायचे आणि वर सिनेमाची गाणी टाकायचे. तशी पद्धतच होती, लोकांना आवडायचंही. आजी आता नाही. तिच्या आवाजाचं दुसरं रेकॉर्डिंग कुठे नाही.

फिल्म बघून एका मित्राने सुचवलं, "अगं, ओव्यांचं एवढं रेकॉर्डिंग मिळतंय की. मुळशी-मावळातली एखादी ओवी घे आणि खाली लाव. ओठ कुठे कुणाला जुळवून बघायचेत?"

तांत्रिकदृष्ट्या अगदी सोपं काम. दहा मिनिटांचं. आणि दिसलं असतं सुंदर. पण ती ओवी ज्या बाईने गायली, तिचं नाव, गाव आणि तारीख त्या चौकटीत लिहिलेली आहे. तो आवाज आजीच्या तोंडी घातला की एकाच वेळी दोन बायांचं जातं. मुळशीच्या बाईचं नाव जातं आणि माझ्या आजीची ओवी कायमची दुसरीच होऊन बसते. पन्नास वर्षांनी कुणी ती फिल्म बघेल तेव्हा घाटघरमध्ये असं गायचे असंच समजेल. आणि त्याला खोडून काढायला कुणी नसेल.

म्हणून मी तो तुकडा मुका ठेवलाय. हिंदी गाणं काढलं आणि खाली एक ओळ लिहिली: 'घाटघर, १९९९. या दृश्याचा मूळ आवाज उपलब्ध नाही.' त्यानंतर आत्याला बसवून तिला आठवतात त्या ओव्या फोनवर रेकॉर्ड केल्या. पुढच्या दृश्यात आत्या दिसते, तिचाच आवाज ऐकू येतो, आणि कधी रेकॉर्ड केलं ती तारीख स्क्रीनवर आहे. मुका तुकडा वीस सेकंद चालतो. बघणाऱ्याला ते जड जातं. जाऊ दे.

दोन ठिकाणचं साहित्य जोडायचंच नाही, असं मी म्हणत नाही. मुळशीची ओवी मुळशीची म्हणून, नाव सांगून वापरता येते. प्रश्न जोडण्याचा नाही, न सांगण्याचा आहे.

आता एआय आलंय, मग?

आता मेलेल्या माणसाचा आवाजही तयार करता येतो. 'रोडरनर' या २०२१ च्या डॉक्युमेंट्रीत अमेरिकन शेफ आणि लेखक अँथनी बोर्डेन यांनी लिहिलेली काही वाक्यं त्यांच्याच एआय आवाजात ऐकवली. फिल्ममध्ये तसं सांगितलेलं नव्हतं. दिग्दर्शकाच्या मुलाखतीतून ते बाहेर आलं आणि मोठा वाद झाला. याच्या उलट, २०२४ च्या 'लाल सलाम' या तमिळ सिनेमासाठी ए. आर. रहमान यांनी दोन दिवंगत गायकांचे आवाज एआयने वापरले, पण कुटुंबांची परवानगी आणि मोबदला दिल्याचं त्यांनी उघड सांगितलं.

मग आजीचा आवाज एआयने करावा का? तिच्या आवाजाचा नमुनाच नाही, त्यामुळे जे बनेल तो तिचा आवाज असणारच नाही. पण नमुना असता तरी डॉक्युमेंट्रीत मी तो वापरला नसता. तिने जे म्हटलंच नाही ते तिच्या तोंडून म्हणवून घेणं, याला 'जुना आवाज' म्हणता येत नाही.

कायदा काय म्हणतो?

भारतात कॉपीराइट कायदा १९५७ चा आहे. रील करणाऱ्यांनाही उपयोगी पडतील अशा गोष्टी सांगते.

१. सिनेमा आणि ध्वनिमुद्रण यांचा कॉपीराइट प्रकाशनानंतर ६० वर्षं असतो, आणि ही वर्षं पुढच्या १ जानेवारीपासून मोजतात. म्हणजे १९६४ चा सिनेमा १ जानेवारी २०२५ पासून मोकळा झाला.

२. गाण्यात एकाहून जास्त हक्क असतात. रेकॉर्डिंगचा हक्क वेगळा, शब्दांचा वेगळा, चालीचा वेगळा. शब्द आणि चाल यांचा हक्क कवी किंवा संगीतकार गेल्यानंतर ६० वर्षं चालतो. म्हणून १९४० ची रेकॉर्ड मोकळी असली तरी तिच्यातले शब्द मोकळे असतीलच असं नाही.

३. गाणाऱ्याचाही स्वतंत्र हक्क असतो, तो ५० वर्षं. ओवी परंपरेची असली तरी ती गाणारी बाई परंपरेची नसते. तिला विचारावं लागतं.

४. पैसे देऊन करून घेतलेल्या व्हिडिओचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, पैसे देणारा असतो. म्हणजे लग्नाचा व्हिडिओ साधारणपणे घरच्यांचा. पण त्यावर टाकलेलं सिनेमाचं गाणं घरच्यांचं नाही. तो व्हिडिओ यूट्यूबवर टाकला की गाण्याच्या कंपनीचा दावा येतो, तो याचमुळे.

५. 'तीस सेकंदांपर्यंत चालतं' असा कुठलाही नियम कायद्यात नाही. समीक्षा, चालू घडामोडींची बातमी, खासगी वापर, अभ्यास अशा कामांसाठी योग्य तेवढा वापर करायची सूट आहे, पण ती सेकंदांत मोजत नाहीत. आणि खाली 'क्रेडिट: मूळ मालक' असं लिहिणं म्हणजे परवानगी नव्हे.

६. हक्क संपला म्हणजे फुटेज फुकट मिळेल असंही नाही. चांगली प्रत काढून देण्याचे पैसे संग्रहालय घेऊ शकतं.

कायद्यापलीकडे एक साधा प्रश्न उरतो. दृश्यात जो माणूस आहे, त्याला हे वापरलेलं आवडेल का? दरडीत घर गेलेल्या बाईने त्या दिवशी कॅमेऱ्याला परवानगी दिली नव्हती, तिला त्याचं भानच नव्हतं. हक्क चॅनेलकडे असतो, चेहरा मात्र तिचा असतो.

तुमच्या फोनमध्ये आजच करता येईल असं

पन्नास वर्षांनी कुणीतरी आपल्या गावावर फिल्म करेल तेव्हा त्याचं 'जुनं फुटेज' म्हणजे तुमचा फोन असणार आहे. तेव्हा एवढं करा.

• आधी बोला, मग रेकॉर्ड करा. रेकॉर्डिंग सुरू केलं की पहिलं वाक्य तुमचं असू दे: आज कुठली तारीख, कुठलं गाव, तालुका, समोर कोण आहे. फाईलचं नाव बदललं तरी हे वाक्य आत राहतं. माझ्या मते हा सगळ्यात स्वस्त आणि सगळ्यात पक्का उपाय आहे.

• परवानगीही रेकॉर्ड करा. "आजी, हे मी लोकांना दाखवलं तर चालेल का?" आणि त्यावरचं तिचं उत्तर, दोन्ही. 'नको' म्हणाली तर तेही जपा आणि पाळा.

• आवाजाकडे लक्ष द्या. पंखा बंद करा, फोन बोलणाऱ्याच्या जवळ ठेवा. आपण मध्येमध्ये 'हो, हो' म्हणायचं नाही, नुसती मान हलवायची. वरून गाणं टाकलेलं रील वेगळं करा, मूळ आवाजाची फाईल वेगळी ठेवा.

• व्हॉट्सअॅपवर व्हिडिओ पाठवला की तो लहान होतो. मूळ फाईल पाठवायची असेल तर 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवा किंवा ड्राइव्हवरून द्या.

• कॅसेट टीव्हीवर लावून फोनने शूट करू नका. व्हीसीआरमधून कॅप्चर कार्ड लावून लॅपटॉपवर उतरवा, किंवा हे काम करणाऱ्या दुकानात द्या. आमच्यासारख्या धो धो पावसाच्या भागात टेपला बुरशी लागते. पांढरे डाग दिसले तर चालवून बघू नका, आधी जाणकाराकडून साफ करून घ्या. जुनी टेप तुटायच्या आत एकदाच नीट उतरवायची असते.

• तीन प्रती, दोन प्रकारच्या जागी, एक घराबाहेर. फोनमध्ये एक, हार्ड डिस्कवर एक, क्लाउडवर किंवा बहिणीच्या घरी एक.

• एक साधी वही किंवा शीट ठेवा. रकाने सात: फाईलचं नाव, तारीख, गाव-तालुका, कोण दिसतंय, कुणी काढलं, परवानगी, काय बदल केले. ओव्यांच्या लेखाखालची ती चौकट आठवा, तसंच.

थोडक्यात

जुनं फुटेज वापरताना तंत्र शिकायला फार वेळ लागत नाही. वेग, आकार, रेघा, खरखर, हे सगळं आता फोनवरच्या अॅपमध्येही बऱ्यापैकी जमतं. एआयमुळे तर अजून सोपं होईल. जे कुठल्याच अॅपला जमत नाही ते म्हणजे न लिहिलेलं नाव परत आणणं.

आत्याचं रेकॉर्डिंग करताना तिने गायच्या आधी स्वतःहूनच नाव, गाव सांगितलं आणि वर म्हणाली, "ही ओवी माझी नाय, माझ्या आईची हाय, तसं लिव." तसं लिहिलंय.